ऐकणारा नट : वसिली शुक्शिनची कारकीर्द

वसिली मकारोविच शुक्शिन याची ओळख एका ओळीत करून देणे कठीण आहे, आणि ही अडचण त्याला स्वतःलाही जन्मभर सतावत राहिली. १९५८ मध्ये त्याने पडद्यावर पहिली प्रमुख भूमिका केली आणि ऑक्टोबर १९७४ मध्ये, वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी तो गेला. मधल्या सोळा वर्षांत त्याच्या नावावर वीसहून अधिक भूमिका, स्वतः लिहून दिग्दर्शित केलेले पाच पूर्ण लांबीचे चित्रपट, दोन कादंबऱ्या आणि शंभराहून अधिक कथा जमा झाल्या. रशियन साहित्याचे इतिहासकार त्याला ग्रामीण गद्याच्या प्रवाहात बसवतात, चित्रपटाचे अभ्यासक त्याला दिग्दर्शक म्हणून मोजतात, आणि त्याच्या काळच्या सामान्य प्रेक्षकाच्या लक्षात राहिला तो त्याचा चेहरा : गालांची हाडे वर आलेला, काहीसा रापलेला, बारीक डोळ्यांचा. या तिघांमध्ये त्या सामान्य प्रेक्षकाचेच बरोबर होते असे मला वाटते. शुक्शिन मुळात नट होता आणि त्याचे लेखन त्याच्या नटपणातून आले, असे माझे मत आहे. ते साहित्याच्या मंडळींना फारसे रुचणार नाही याची कल्पना आहे.

मला रशियन येत नाही. त्याच्या कथा मी इंग्रजी अनुवादात वाचल्या आणि त्याचे चित्रपट खालची इंग्रजी उपशीर्षके वाचत पाहिले. भाषा न कळणाऱ्या प्रेक्षकाचे एक बरे असते, की बोलणाऱ्या पात्राकडून त्याची नजर लवकर हटते आणि गप्प बसलेल्या पात्रावर जाऊन टेकते. शुक्शिनचे चित्रपट अशा रीतीने पाहताना सारखे जाणवत राहते, की समोरचा माणूस बोलत असताना हा नट खरोखर ऐकत असतो. स्वतःच्या पुढच्या वाक्याची वाट पाहत बसलेला नट आणि समोरच्याचे वाक्य आत झिरपू देणारा नट, यांतला फरक कळायला भाषा लागत नाही.

त्याचा जन्म २५ जुलै १९२९चा, अल्ताय प्रांतातल्या स्रोस्तकी या खेड्यातला. कातून नदीच्या काठी, चुया महामार्गावर हे गाव आहे, आणि त्याच्या पहिल्या चित्रपटाचा नायक याच रस्त्यावर ट्रक चालवतो. सामूहिक शेतीच्या सक्तीच्या काळात जी धरपकड झाली तिच्यात १९३३ मध्ये वडील मकार यांना अटक झाली आणि त्यांना गोळी घालण्यात आली. १९५६ मध्ये सरकारने त्यांना निर्दोष ठरवले. मुलांना बापाच्या नावाचा त्रास होऊ नये म्हणून आई मारिया सेर्गेयेव्हना हिने त्यांना आपले माहेरचे पोपोव हे आडनाव लावले. सोळाव्या वर्षी ओळखपत्र काढायची वेळ आली तेव्हा वसिलीने बापाचे आडनाव परत घेतले. सावत्र बाप महायुद्धात मारला गेला. बीस्क शहरातल्या मोटारविषयक तांत्रिक शाळेतले शिक्षण अर्धवट टाकून हा मुलगा घराबाहेर पडला, कालुगा आणि व्लादिमिर येथील कारखान्यांत, बांधकामांवर मिळेल ते काम करत राहिला, आणि १९४९ मध्ये नौदलात भरती झाला. तेथे तो काळ्या समुद्रावरच्या आरमारात बिनतारी संदेश टिपणारा खलाशी होता. तासन्‌तास कानाला यंत्र लावून बसायचे आणि आलेला शब्द न चुकता उतरवायचा, ही त्याची नोकरी. तिचा त्याच्या पुढच्या लेखनाशी संबंध जोडण्याचा मोह होतो खरा, पण एवढा सरळ हिशेब आयुष्य सहसा मांडत नाही.

पोटातल्या व्रणामुळे १९५३ मध्ये त्याला नौदलातून सुटी मिळाली. गावी येऊन त्याने शालान्त परीक्षा बाहेरून दिली, आणि तरुण शेतमजुरांसाठी चालणाऱ्या रात्रशाळेत शिक्षक म्हणून व मुख्याध्यापक म्हणूनही काम केले. दिवसभर राबून आलेली आपल्याच वयाची माणसे समोर बसलेली असत, आणि त्यांना शिकवणे हे आपल्या हातून झालेले एक चांगले काम होते असे तो पुढे सांगत असे. १९५४ मध्ये आईने गाय विकून पैसे उभे केले आणि तो मॉस्कोला राष्ट्रीय चित्रपट संस्थेत प्रवेशासाठी गेला. अंगात लष्करी पद्धतीचा अंगरखा, पायांत जाड बूट, असा हा पंचविशीतला उमेदवार शहरी, वाचलेल्या, फ्रेंच नावे तोंडावर खेळवणाऱ्या मुलांच्या गर्दीत उभा राहिला. प्रवेशपरीक्षेत ‘वॉर अँड पीस’ वाचले आहे का असे विचारल्यावर ‘नाही, फार जाड आहे’ असे उत्तर त्याने दिल्याची दंतकथा प्रसिद्ध आहे. ती ज्याला त्याला ठाऊक असते. मला तिच्यापेक्षा त्या परीक्षेत त्याने लिहिलेला निबंध महत्त्वाचा वाटतो. संस्थेच्या बोळात ताटकळणारे उमेदवार एकमेकांवर छाप पाडण्यासाठी काय काय बोलतात, कसे उभे राहतात, कोणाची नावे घेतात, याचे चित्र त्याने त्या निबंधात काढले होते. इतर जण बोलत होते आणि हा कोपऱ्यात उभा राहून ऐकत होता. मिखाईल रोम्म या ज्येष्ठ दिग्दर्शकाने त्याला आपल्या वर्गात घेतले. पुढे दिग्दर्शक म्हणून जगभर गाजलेला आंद्रेई तार्कोव्स्कीही त्याच वर्गात होता. एका वर्गातून इतक्या वेगळ्या तऱ्हेची दोन माणसे बाहेर पडावीत, यात रोम्मच्या शिकवण्याचे मोठेपण आहे.

तार्कोव्स्कीने दोन सहाध्यायांबरोबर १९५६ मध्ये हेमिंग्वेच्या कथेवरून एक विद्यार्थीपट केला. मारेकरी आपल्याला शोधत आहेत हे समजूनही पळून न जाता खाटेवर पडून राहणारा मुष्टियोद्धा शुक्शिनने त्यात साकारला आहे. प्रसंग काही मिनिटांचा आहे. एक तरुण धावत येऊन धोक्याची सूचना देतो, आणि हा भिंतीकडे पाहत ती ऐकून घेतो. शुक्शिनच्या अभिनयाचा पाया त्या काही मिनिटांत घातला गेला, असे मी धाडसाने म्हणेन.

यानंतर सेर्गेई गेरासिमोवच्या ‘तीखी दोन’ (म्हणजे ‘शांत डॉन नदी’) या भव्य चित्रपटात कुंपणाआडून डोकावणाऱ्या खलाशाची एक क्षणभराची भूमिका त्याला मिळाली. पण खरी सुरुवात झाली ती मार्लेन खुत्सीयेवच्या १९५८ सालच्या ‘द्वा फ्योदोरा’ या चित्रपटाने. युद्धावरून परतलेला एक सैनिक रेल्वेप्रवासात भेटलेल्या अनाथ मुलाला घरी घेऊन येतो. दोघांचेही नाव फ्योदोर. मोठा फ्योदोर पुढे लग्न करतो आणि छोट्याला आपली जागा गेल्यासारखे वाटू लागते, एवढीच गोष्ट. शुक्शिनला त्यात बोलायला फार थोडे आहे. तो सामान उचलतो, विड्या ओढतो, मुलाच्या तिरकस प्रश्नांना उत्तर देण्याआधी थोडा थांबतो. त्या काळच्या सोव्हिएत पडद्यावर सैनिक फार बोलत असत, आणि हा गप्प असलेला सैनिक म्हणून लोकांच्या लक्षात राहिला.

त्याच वर्षी ‘स्मेना’ या मासिकात त्याची पहिली कथा छापून आली. कथा एकाच वेळी अनेक मासिकांकडे पाठव, परत आलेली कथा पुढच्या मासिकाकडे पाठव आणि धीर सोडू नकोस, हा सल्ला रोम्मने दिलेला होता. १९६० मध्ये पदविकेचा छोटा चित्रपट पूर्ण झाला. त्यात तो स्वतःही एका भूमिकेत आहे. पुढची काही वर्षे मात्र पोट चालले ते इतरांच्या चित्रपटांतल्या भूमिकांवर. कधी कारखान्याचा कामगार, कधी सामूहिक शेतीचा अध्यक्ष, कधी लष्करी अधिकारी. बोरिस बार्नेतच्या ‘अल्योन्का’त तो आहे, लेव कुलिझानोवच्या ‘कोग्दा देरेव्या बिली बोल्शिमी’त आहे, आणि अलेक्सांद्र अस्कोल्दोवच्या ‘कोमिसार’मध्येही आहे. हा शेवटचा चित्रपट १९६७ मध्ये पुरा झाला, पण बंदीमुळे वीस वर्षे डब्यात पडून राहिला. या भूमिकांकडे त्याचे चरित्रकार उदरनिर्वाहाची कामे म्हणून पाहतात. मला ती त्याची दुसरी शाळा वाटते. निरनिराळ्या दिग्दर्शकांच्या हाताखाली, दुसऱ्यांनी लिहिलेले संवाद म्हणताना, कोणते वाक्य जिभेवर बसते आणि कोणते घशात अडकते हे नटाला जितके कळते तितके खोलीत बसून लिहिणाऱ्याला कळत नाही. त्याच्या कथांत वर्णन फार थोडे असते. दोन माणसे भेटतात, बोलू लागतात, एकमेकांना टोचतात, आणि त्या बोलण्यातूनच त्यांची उंची, वय, पगार, घरातली भांडणे सारे कळते. हे नटाने लिहिलेले गद्य आहे.

१९६४ मध्ये ‘झिव्योत ताकोय पारेन’ हा त्याचा पहिला मोठा चित्रपट आला. आपल्याच कथांवरून त्याने पटकथा रचली होती. पाश्का कोलोकोल्निकोव हा चुया महामार्गावरचा ट्रकचालक, बढाईखोर, प्रेमळ, थोडा आगाऊ. इंधनाच्या कोठारात एका ट्रकला आग लागते तेव्हा तो जळता ट्रक चालवत नेऊन नदीत लोटतो आणि स्वतः रुग्णालयात पोचतो. त्याची मुलाखत घ्यायला शहरातून एक पत्रकार येते. ती भूमिका कवयित्री बेला अखमादुलिना हिने केली आहे. तुम्ही हे का केले, असे ती विचारते, आणि वीरवाणीची अपेक्षा असलेल्या त्या जागी पाश्का सांगतो, की मूर्खपणा, दुसरे काय. हा चित्रपट व्हेनिसच्या मुलांच्या चित्रपट महोत्सवात गौरवला गेला. मायदेशी मात्र सर्वांनी त्याला विनोदी चित्रपट मानले आणि शुक्शिनला लेख लिहून खुलासा करावा लागला, की आपल्याला विनोदी चित्रपट करायचा नव्हता. त्याचा खुलासा मला पटत नाही. चित्रपट विनोदीच आहे, आणि त्यात कमीपणा मानण्याचे कारण नव्हते.

लक्षात घेण्याजोगी गोष्ट अशी, की पाश्काची भूमिका त्याने स्वतः केली नाही. ती लिओनिद कुराव्ल्योवला दिली. पुढच्या वर्षीच्या ‘वाश सीन इ ब्रात’ या चित्रपटातही प्रमुख भूमिकांपैकी एक कुराव्ल्योवकडेच गेली. त्यातला स्त्योप्का तुरुंगातून सुटायला अवघे तीन महिने उरलेले असताना पळून गावी येतो, कारण त्याला गावाच्या स्वप्नांनी हैराण केलेले असते. घरात मेजवानी होते, नाच होतो, आणि रात्री पोलीस येऊन त्याला घेऊन जातो. मुकी बहीण काय घडले ते समजून आक्रोश करते. या चित्रपटाला रशियन गणराज्याचे राज्य पारितोषिक मिळाले. १९६९ सालचा ‘स्त्रान्निये ल्युदी’ मात्र जमला नाही. तीन कथा शेजारी शेजारी ठेवल्या की त्या एकमेकींचा जोर काढून घेतात, हे त्याच्या उशिरा लक्षात आले. आपण हिटलरवर गोळी झाडली होती पण नेम चुकला, अशी थाप दरवर्षी नव्या शिकाऱ्यांना सांगून ढसाढसा रडणारा ब्रोन्का पुपकोव त्या चित्रपटात आहे. येव्गेनी लेबेदेव या लेनिनग्राडच्या थोर रंगनटाने तो रंगवला आहे आणि माझ्या मते फार जास्त रंगवला आहे. कथा वाचताना ब्रोन्का माणूस वाटतो, पडद्यावर तो स्वगत म्हणणारा नट वाटतो. ती भूमिका शुक्शिनने स्वतः करायला हवी होती, असे प्रत्येक वेळी वाटते.

याच काळात इतरांच्या चित्रपटांत त्याची प्रतिष्ठा वाढत होती. गेरासिमोवच्या ‘उ ओझेरा’ या चित्रपटात बैकाल सरोवराच्या काठी उभारल्या जाणाऱ्या कागदलगदा कारखान्याचा संचालक चेर्निख त्याने केला. सरोवर वाचवू पाहणारे शास्त्रज्ञ आणि कारखाना उभारू पाहणारा हा माणूस, अशी मांडणी आहे, आणि प्रेक्षकाची सहानुभूती सहज एका बाजूला कलली असती. पण शुक्शिनचा चेर्निख विरोधकांचे म्हणणे इतके मन लावून ऐकतो, की त्याला खलनायक ठरवणे अशक्य होते. या चित्रपटासाठी १९७१ मध्ये सोव्हिएत संघाचे राज्य पारितोषिक त्याला मिळाले.

चाळिशीच्या उंबरठ्यावर एका लेखात त्याने आपल्या अवस्थेचे वर्णन केले आहे. आपण पुरते शहरी झालो नाही आणि खेडवळही राहिलो नाही. ही दोन खुर्च्यांच्या मध्ये बसण्यासारखी स्थिती नसून एक पाय काठावर आणि एक पाय होडीत अशी आहे, पुढे निघाल्यावाचून गत्यंतर नाही आणि निघायची भीतीही वाटते, असे तो म्हणतो. त्याला ग्रामीण लेखक म्हणून एका खान्यात टाकणाऱ्यांनी हे वाक्य वाचलेले नसावे. त्याची पात्रे गावात फार कमी वेळ स्वस्थ असतात. ती बसमध्ये, रेल्वेत, रुग्णालयात, तुरुंगात, शहरातल्या भावाच्या अवघडलेल्या घरात भेटतात. मराठी ग्रामीण कथा वाचून वाढलेल्या वाचकाला हे चटकन उमजेल, कारण मुंबईच्या चाळीतून सणाला गावी आलेला आणि दोन दिवसांत दोन्हीकडचा उरलेला नाही हे कळून चुकलेला माणूस आपल्याही ओळखीचा आहे.

‘पेच्की-लावोच्की’ हा १९७२चा चित्रपट याच अवस्थेचा आहे, आणि येथे शुक्शिन प्रथमच आपल्या पूर्ण लांबीच्या चित्रपटात कॅमेऱ्यासमोर आला. तोही योगायोगाने, कारण कुराव्ल्योव तेव्हा दुसऱ्या चित्रपटात अडकलेला होता. अल्तायमधला ट्रॅक्टरचालक इवान रास्तोर्गुयेव बायकोला घेऊन दक्षिणेकडे समुद्रकिनारी हवापालटाला निघतो. बायकोची भूमिका शुक्शिनची पत्नी लिदिया फेदोसेयेवा हिने केली आहे. रेल्वेच्या डब्यात इवानचा अपमान करणारा एक सरकारी तोऱ्यातला प्रवासी भेटतो, मग स्वतःला अभियंता म्हणवणारा एक गोडबोल्या चोर भेटतो, आणि मग लोकभाषेचा अभ्यास करणारे एक वृद्ध प्राध्यापक भेटतात. चोराचे काम गेओर्गी बुर्कोवने केले आहे. त्या प्रसंगात चोर जे जे सांगतो त्यावर इवान आधी आदराने, मग कुतूहलाने आणि शेवटी आनंदाने मान डोलावतो. फसवला जाणारा माणूस इतक्या उत्साहाने फसतो की आपल्याला चोराचीच कीव येऊ लागते. प्राध्यापक इवानला मॉस्कोत विद्यार्थ्यांपुढे बोलायला उभे करतात, तो प्रसंगही असाच अवघड आणि मजेशीर आहे. वरिष्ठांनी या चित्रपटात पुष्कळ काटछाट करायला लावली आणि तो फारसा दाखवलाही गेला नाही. शेवटी इवान अनवाणी एका टेकडीवर बसून थेट आपल्याकडे पाहतो आणि सांगतो, की झाले, मंडळी, संपले. स्रोस्तकीजवळच्या पिकेत टेकडीवर २००४ मध्ये उभारलेला शुक्शिनचा कांस्यपुतळा याच बैठकीत आहे.

त्यानंतर आला ‘कालिना क्रास्नाया’. लाल फळांच्या झुडपाचे नाव असलेली ही पटकथा प्रथम १९७३ मध्ये ‘नाश सोव्रेमेनिक’ मासिकात कादंबरिकेच्या रूपात छापली गेली, आणि त्याच वर्षी उत्तरेकडच्या वोलोग्दा प्रांतात, बेलोझेर्स्कच्या परिसरात चित्रीकरण झाले. येगोर प्रोकुदिन हा सराईत चोर तुरुंगातून सुटतो, पत्रांतून ओळख झालेल्या ल्युबा नावाच्या स्त्रीकडे खेड्यात जातो, ट्रॅक्टर चालवू लागतो, आणि जुन्या टोळीचे लोक येऊन त्याला गोळी घालतात. कथानक एवढे साधे, जवळजवळ ठरीव आहे. टोळीच्या अड्ड्यावरचे प्रसंग मला आजही नाटकी वाटतात. पण शुक्शिन येगोर म्हणून गावाच्या रस्त्याला लागतो तेव्हापासून चित्रपटाची जातच बदलते. तो बर्चच्या झाडांजवळ थांबतो, त्यांच्या पांढऱ्या बुंध्यांवरून हात फिरवतो आणि नव्या नवरीशी बोलावे तसा त्यांच्याशी बोलतो. हे दृश्य कागदावर वाचले तर हसू येईल. पडद्यावर येत नाही, कारण बोलून झाल्यावर तो क्षणभर उत्तराची वाट पाहिल्यासारखा थांबतो.

या चित्रपटातला आईचा प्रसंग मात्र मी कितीही वेळा पाहिला तरी तो कसा साधला हे पुरते कळत नाही. येगोरने आईला वर्षानुवर्षे पाहिलेले नाही आणि तिच्यासमोर उभे राहण्याचे धैर्य त्याला होत नाही. म्हणून तो ल्युबाला पुढे करतो, तिने सरकारी कामासाठी आल्याचे सांगून म्हातारीची विचारपूस करायची, आणि आपण काळा चष्मा लावून बाजूला बसायचे, असे ठरते. ही म्हातारी नटी नव्हती. ती त्याच भागातल्या खेड्यात राहणारी एक स्त्री होती, आणि कॅमेरा तिच्या लक्षात येणार नाही असा ठेवून तिला बोलते केले होते. दुरावलेल्या मुलांविषयी ती जे सांगते ते तिचे स्वतःचे आयुष्य आहे. ल्युबा झालेली फेदोसेयेवा प्रश्न विचारत राहते, म्हातारी सावकाश उत्तरे देते, आणि शुक्शिन बाजूला बसून ऐकतो. त्याचे डोळे आपल्याला दिसत नाहीत. काळ्या चष्म्याने नटाचे सर्वांत मोठे साधन काढून घेतले आहे, आणि ते त्याने स्वतःच लिहून स्वतःवर लादले आहे. नट म्हणून त्याला काय येते हे लेखक म्हणून त्याला ठाऊक होते, म्हणून त्याने स्वतःसाठी एकही वाक्य न ठेवता चित्रपटाचा कळस लिहिला. बाहेर पडल्यावर तो मोकळ्या माळावर पालथा पडून माती मुठीत धरून रडतो, तेव्हा ते रडणे आपण आधीच्या पाच मिनिटांत ऐकलेले असते.

हा चित्रपट पुरा करतानाही त्याला कापाकापी करावी लागली, आणि ती पोटातल्या व्रणाने आजारी असताना करावी लागली. १९७४ मध्ये तो प्रदर्शित झाला तेव्हा सोव्हिएत संघात सव्वासहा कोटी प्रेक्षकांनी तो पाहिला. बाकूच्या अखिल संघीय महोत्सवात त्याला प्रमुख पारितोषिक मिळाले. चोराला नायक केल्याबद्दल टीकाही झाली.

पण त्याच्या मनात चित्रपट होता तो वेगळाच. सतराव्या शतकातला कोसॅक बंडखोर स्तेपान राझिन याच्यावर त्याने वर्षानुवर्षे साहित्य जमवले होते, पटकथा लिहिली होती, कादंबरी लिहिली होती, आणि छायालेखक अनातोली झाबोलोत्स्कीबरोबर नदीकाठच्या जागा पाहून ठेवल्या होत्या. राझिनची भूमिका तो स्वतः करणार होता. गोर्की स्टुडिओने खर्चाचे आणि विषयाचे कारण पुढे करून १९७१ मध्ये ते काम थांबवले. पुढे सेर्गेई बोंदार्चुकने शोलोखोवच्या कादंबरीवरील ‘ओनी स्राझालीस झा रोदिनू’ या युद्धपटात त्याला बोलावले, तेव्हा राझिनसाठी बोंदार्चुकचे वजन उपयोगी पडेल ही आशा त्यामागे होती, असे त्याचे सहकारी सांगत.

राझिनचे मोल म्हणून पत्करलेली ती भूमिका त्याची सर्वांत मोकळी भूमिका ठरली, हे मला नेहमी चकित करते. रणगाडाभेदी बंदूक वाहणारा प्योत्र लोपाखिन हा चेष्टेखोर, खादाड, बायकांच्या मागे लागणारा आणि लढाईत न डगमगणारा सैनिक आहे. १९४२च्या उन्हाळ्यात डॉन नदीकडे माघार घेत निघालेल्या तुकडीतला तो लोपाखिन नदीतले खेकड्यासारखे क्रेफिश उकडण्यासाठी बादली आणि मीठ मागायला एका घरात जातो. घरातली वृद्धा त्याला दारातच धारेवर धरते, की तुम्ही शत्रूला पाठ दाखवून पळता, आम्हाला कोणाच्या हवाली करून चालला आहात. ती भूमिका मॉस्को आर्ट थिएटरच्या अंगेलिना स्तेपानोवाने केली आहे. शुक्शिन आत येतो तो लाडीगोडीचे हसू घेऊन. वृद्धा बोलू लागते तसे ते हसू हळूहळू विरते, पण तो नजर खाली घालत नाही आणि सबबही सांगत नाही. तिचे सगळे ऐकून घेतो. ‘कालिना क्रास्नाया’मधल्या म्हातारीपुढे तो मुलगा म्हणून गप्प होता, येथे सैन्य म्हणून गप्प आहे, आणि दोन्ही गप्पपणांचा पोत निराळा आहे.

त्या उन्हाळ्यात चित्रीकरणातून वेळ काढून नटमंडळी व्योशेन्स्काया येथे शोलोखोवला भेटून आली होती. त्या भेटीचा शुक्शिनवर मोठा परिणाम झाला. आता धावपळ पुरे, चित्रपट सोडून लिहायला बसले पाहिजे, असे तो बोलू लागला होता. राझिन करायचा आणि मग सोडायचे, की आताच सोडायचे, हे त्याचे ठरलेले दिसत नाही. चित्रीकरणाच्या काळात नट डॉन नदीवरच्या ‘दुनाय’ या जहाजावर मुक्कामाला होते. १ ऑक्टोबरच्या रात्री तो आपल्या खोलीत झोपला आणि २ ऑक्टोबर १९७४च्या सकाळी बुर्कोवला तो मृतावस्थेत आढळला. हृदयक्रिया बंद पडली होती. मॉस्कोत नोवोदेविची दफनभूमीत त्याला पुरले, आणि निरोप द्यायला आलेल्या लोकांनी लाल कालिनाच्या डहाळ्या आणल्या होत्या. व्लादिमिर विसोत्स्कीने त्याच्यावर कविता लिहिली.

लोपाखिनचे चित्रीकरण बहुतेक झाले होते. उरलेल्या जागी दुसऱ्या माणसाला पाठमोरा उभा करून काम भागवले, आणि आवाज लेनिनग्राडच्या इगोर येफिमोव या नटाने दिला. म्हणजे आपण तो चित्रपट पाहतो तेव्हा चेहरा शुक्शिनचा असतो आणि बोलणे दुसऱ्याचे. येफिमोवने काम चोख केले आहे, पण वर म्हटलेल्या प्रसंगात, जेथे लोपाखिन बोलत नाही, तेथे शुक्शिन संपूर्ण शुक्शिन आहे. त्याच्या मृत्यूनंतर ग्लेब पान्फिलोवचा ‘प्रोशू स्लोवा’ आला. त्यात शुक्शिनने एका छोट्या शहरातला नाटककार केला आहे, जो आपले नाटक मंजूर व्हावे म्हणून नगराध्यक्षा बाईंच्या कचेरीत खेटे घालतो. तो अनुभव त्याला मुद्दाम कुठून आणावा लागला नसेल. १९७६ मध्ये त्याला मरणोत्तर लेनिन पारितोषिक देण्यात आले. राझिनचा चित्रपट त्याच्या पटकथेवरून कोणी केला नाही, आणि त्याच्याशिवाय तो करू नयेच असे माझे मत आहे.

ज्यांना शुक्शिन पाहायचा आहे त्यांच्यासाठी सांगायचे, तर मॉसफिल्म स्टुडिओने आपले बरेच जुने चित्रपट यूट्यूबवर उपशीर्षकांसह ठेवले आहेत आणि ‘कालिना क्रास्नाया’ हा मॉसफिल्मचाच आहे. सुरुवात मात्र ‘पेच्की-लावोच्की’ने करावी. येगोर प्रोकुदिनची कीर्ती एवढी मोठी आहे की तो आधी पाहिला तर पुढे शुक्शिनच्या प्रत्येक चेहऱ्यात चोरच दिसू लागतो, आणि इवान रास्तोर्गुयेवच्या त्या भाबड्या, आनंदी फसवणुकीचा हक्काचा प्रेक्षक निसटतो. ‘स्त्रान्निये ल्युदी’ पाहण्याआधी ब्रोन्का पुपकोवची कथा वाचून घ्यावी, ती आठ-दहा पानांची आहे. ‘द्वा फ्योदोरा’ची चांगली प्रत मिळाली तर ती शेवटी पाहावी. अठ्ठावीस-एकोणतीस वर्षांचा, अजून एकही कथा छापून न आलेला नट पुढे काय लिहिणार आहे, ते त्यात बरेचसे दिसते.